पाठमोरीचा गळा

चामोर्शीत माझं शिलाईचं दुकान आहे. भुताखेतांवर माझा विश्वास नाही. ज्याचं माप घेता येत नाही, ते माझ्या लेखी नाहीच.

केसरबाईंकडे मी शिवण शिकले. त्या गेल्यावर त्यांची मशीन आणि ब्लॅक अँड व्हाइट टीव्ही माझ्याकडे आले. टीव्ही नवानवा होता तेव्हा त्यावर फॅशनचा कार्यक्रम लागायचा. बाई काचेवर पतंगाचा कागद ठेवायच्या, तो काचेला चिकटायचा, आणि मॉडेल थांबली की तिच्या ब्लाउजचा गळा पेन्सिलीनं उतरवून घ्यायच्या. ती हलली की गावातल्या एखाद्या नवरीचा गळा वाकडा! पाठमोऱ्या मुलीचा गळा मात्र त्यांनी कधी घेतला नाही.

"तोंड दिसल्याबिगर माप घेऊ नोको, माधवी," एवढंच म्हणायच्या.

यंदा माझ्या पुनमचं लग्न ठरलं. बुद्धविहारात लग्न, पांढरी साडी, पांढरा ब्लाउज. मोबाइलमधले सगळे गळे तिनं नाकारले.

"माह्या मानेवरचा तीळ झाकला पाह्यजे, आई."

त्या दुपारी दुकानात मोहफुलांचा वास कोंडला होता. कोपऱ्यातला टीव्ही आपोआप लागला. अँटेना मी कधीच भंगारात दिला होता. शेजारच्या डिशचं काहीतरी शिरलं असेल, म्हटलं. पडद्यावर एक मुलगी पाठमोरी उभी होती. पांढरा ब्लाउज, मागून उंच गळा.

"हाच पाह्यजे," पुनम म्हणाली.

"पाठमोरी आहे ती."

"मंग? मले पाठीचाच गळा पाह्यजे ना."

मला हसू आलं. लेकीपुढं शहाणपण चालत नाही. मी कागद लावला. काच गार होती. पेन्सिल फिरली तशी त्या मुलीची मान शहारली.

संध्याकाळी ब्लाउज तयार झाला. पुनम तो घालायला आतल्या खोलीत गेली.

मी टीव्ही बंद करायला उठले. पिन बोर्डात नव्हतीच.

पडद्यावरची मुलगी वळली.

ती पुनम होती. आवाज नव्हता, पण ओठ हलत होते. 'आई' म्हणत होती.

"पुनम, बाहेर ये," मी कशीबशी म्हणाले.

ती आली. दारात पाठमोरी उभी राहिली.

"इकडं बघ ना, बाई."

"तोंड कायले पाह्यजे?" ती म्हणाली. "माप तं घेतलं ना."

मी बोटानं गळा जरा खाली ओढला.

तिच्या गार मानेवर तीळ नव्हता.