डावा कोपरा जरा धूसर

रुचि पटले हिला खरं तर चौकातल्या मोठ्या दुकानात जायचं होतं. ते बंद निघालं. ती वळली तोच पाऊस असा तिरपा आला, की छत्री उघडी असूनही तिची एक बाही चिंब झाली. समोर जी पहिली पत्र्याची पडवी दिसली, तिच्याखाली ती जाऊन उभी राहिली.

पडवीच्या आत काचेचं दार होतं आणि दारावर 'बिसेन फोटो स्टुडिओ' असं लिहिलेलं. आतला तरुण माणूस स्टीलच्या डब्यात हात घालून तांदूळ बाजूला सारत होता. जागा झाली तशी त्याने एक छोटी लेन्स उचलली आणि अलगद तांदळात पुरली.

रुचीला ते बघवेना. ती दार ढकलून आत गेली.

"तांदळात नका ठेवू ती."

त्याने वर पाहिलं. दुकानात येणारं माणूस आधी पासपोर्ट फोटोचं विचारतं. ही ओली मुलगी थेट रागावलीच होती.

"काऊन जी? पावसात बुरशी धरते काचेले."

"तांदूळ हवेतली ओल फारशी ओढत नाही. वर त्याची भुकटी लेन्सच्या आत शिरते. सिलिका जेल वापरा. चपलांच्या खोक्यात पुड्या असतात ना, त्या."

"गोंदियात उभ्या राहून म्हणता, तांदूळ कामाचा नाही?" तो हसला. "बाहेर बोलू नका मॅडम. राइस मिलवाले मोर्चा आणतील."

तिला हसायचं नव्हतं. तरी ती हसलीच.

त्याचं नाव हेमेंद्र. लग्नसराईत त्याला जेवायला फुरसत नसायची आणि पावसाळ्यात माश्या मारायचं काम. रुचि कॉलेजात वनस्पतिशास्त्र शिकवायची; धानाच्या बांधीत, म्हणजे भाताच्या खाचरात, उगवणाऱ्या तणांवर तिचं संशोधन चाललं होतं. एका सहकाऱ्याकडून तिने जुना मिररलेस कॅमेरा घेतला होता, पण नुसती बॉडी. लेन्स नव्हती.

"ही घ्या," हेमेंद्रने एक लांबलचक झूम लेन्स पुढे केली. "बांधीच्या या टोकावरून त्या टोकाच्या धुऱ्यावरचा बगळा टिपते."

"बगळा नको. मला पायाशी उगवलेलं गवत हवंय."

"मग वाकून काढा."

"वाकलेलीच असते. एक हात चिखलात असतो, दुसऱ्यात कॅमेरा. एवढं वजन एका हाताने धरलं तर फोटो हलतो." तिने डब्याकडे बोट दाखवलं. "तुम्ही पुरलीत ना, तसली बघतेय मी. लहान किट झूम. चालू केली की बाहेर येते, बंद केली की आत जाते."

"कासवासारखी."

"हो..." रुचीला मानावं लागलं, उपमा बरोबर होती. "कासवासारखी."

त्याने लेन्स उकरून काढली, फुंकणीने साफ केली आणि तिच्या कॅमेऱ्याला लावली. बारीक आवाज करत लेन्स पुढे आली. रुचीने पिशवीतून आलेख कागद काढला.

"हा भिंतीवर चिकटवू का?"

"कायले?"

"चारही कोपरे सारखे स्पष्ट येतात का, ते बघायला."

"मॅडम," हेमेंद्र गंभीरपणे म्हणाला, "लोकं पोरगी पाहायले जातात तेव्हाही एवढं पाहत नाहीत."

"म्हणूनच फसतात," रुचि म्हणाली आणि काउंटरमागच्या भिंतीवर कागद लावला.

फोटो आले. तिने ते पडद्यावर मोठे करून पाहिले. मधोमध छान, उजवीकडे छान. डावा कोपरा मात्र धूसर होता. तिने लेन्स परत केली. त्याचा चेहरा पडला नाही. उलट तो म्हणाला, "बालाघाटच्या एका मित्राकडे अशीच एक आहे. बुधवारी याल?"

बुधवारी तिचं कॉलेज दुपारीच सुटायचं. हे त्याला माहीत असण्याचं कारण नव्हतं... पण ती आली. दुकानात पाय ठेवताच तिला दिसलं, तांदळाचा डबा गेला होता. त्या जागी झाकणाची प्लास्टिकची पेटी होती आणि तिच्यात सिलिका जेलच्या पुड्यांचा ढीग.

"एवढ्या कुठून आणल्या?"

"अख्ख्या बाजारातल्या चपलवाल्यांकडून. आता मले पाहिलं की त्यांना वाटते, पोराचं डोकं फिरलं."

बालाघाटच्या लेन्सचाही डावा कोपरा धूसर आला. ती चहा पिऊन परत गेली. चहा पिण्याला लेन्स तपासण्यापेक्षा जास्त वेळ लागला होता.

त्या रविवारी घरी कपडे वाळत घालता घालता रुचि एकदम थांबली. दोन वेगवेगळ्या लेन्स. दोन्हींचा तोच कोपरा? असं सहसा होत नाही.

पुढच्या बुधवारी हेमेंद्र चहा सांगायला बाहेर गेला, तेवढ्यात तिने बालाघाटचीच लेन्स लावली आणि कॅमेरा उलटा धरून त्याच कागदाचा फोटो काढला. दोष लेन्सचा असता तर धूसर भाग आता कागदाच्या उजवीकडे गेला असता. तो गेला नाही. तिने कागदावरून तळवा फिरवला. डावीकडे ओलीने भिंतीचं प्लास्टर फुगलं होतं. कागद तिथे बोटभर पुढे आला होता.

म्हणजे लेन्स चांगली होती. पहिलीही चांगली होती. कागद हातभर सरकवला की काम संपलं. काम संपलं, की... बुधवारही संपले.

हेमेंद्र दोन कप घेऊन आत आला. बाहेर पाऊस, केसांवर थेंब. "काय म्हणते लेन्स?"

रुचीने आयुष्यात कधी प्रयोगाच्या वहीत खोटा आकडा लिहिला नव्हता. विद्यार्थ्याने लिहिला तर ती अख्खं जर्नल पुन्हा लिहायला लावायची.

"डावा कोपरा..." तिने कपात पाहिलं, "जरा धूसर येतोय."

"हो का?" तो पटकन म्हणाला. "मग रायपूरहून एक मागवतो."

असे किती बुधवार गेले, ते तिने मुद्दाम मोजलं नाही. लेन्सबद्दल बोलणं कमी होत गेलं. तो लग्नातल्या गमती सांगायचा: कुठल्या नवरदेवाला स्टेजवरच झोप लागली, कुठल्या मामांना सगळ्याच फोटोंत मधोमध उभं राहायचं होतं. ती त्याला सांगायची की सावा हे तण लहान असताना हुबेहूब धानासारखा दिसतो, निंदणाऱ्या बायाही फसतात. तो हनुवटीवर हात ठेवून ऐकायचा. तणाबद्दल कुणी इतकं मन लावून ऐकतं, याची रुचीला सवय नव्हती.

मग एके दिवशी गावाकडच्या घरून फोन आला. चोरखमाऱ्याच्या कालव्याचं पाणी सुटलं होतं, धानाच्या लावणीचा रोवणा सुरू झाला होता. धान रोवलं की तण मागोमाग येतं. आता फोटो सुरू झाले नाहीत तर तिचं वर्ष वाया जाणार होतं. सुट्टी घेऊन दोन महिने गावीच राहायचं तिने ठरवलं.

"मला आता लेन्स घ्यावीच लागेल," बुधवारी ती म्हणाली.

हेमेंद्र पेटीतल्या पुड्या सारख्या करत राहिला. त्या सारख्याच होत्या.

"मग बांधीतच पाहा ना लावून," शेवटी तो म्हणाला. "कागदावर थोडंच तण उगवते. मी घेऊन येतो सगळ्या... म्हणजे, चालत असेल तर."

"शनिवारी या," रुचि म्हणाली. "आमच्या शेतात शेवटच्या बांधीचा रोवणा आहे. चप्पल घालून येऊ नका, चिखलात रुतेल."

तो चप्पल घालून आला. ती रुतली. लेन्सची पेटी डोक्यावर धरून, एक पाय अनवाणी, असा तो धुऱ्याच्या अरुंद बांधावरून येताना दिसला, तेव्हा बांधीतल्या बायांनी रोवणं थांबवून कमरेवर हात ठेवले.

"कोन होय हा, रुचि?" तिच्या आईने, भूमेश्वरीने, तिथूनच विचारलं.

"दुकानदार आहे, माय. लेन्स दाखवायला आलाय."

"दुकान डोक्यावर घेऊन?" बाया खो खो हसल्या.

हेमेंद्रही हसला, पण 'दुकानदार' ऐकून त्याची मान थोडी खाली गेली. रुचीने ते पाहिलं. शब्द परत घेता आला असता तर तिने घेतला असता.

ती चिखलात उतरली. एका हाताने रोप बाजूला धरून, दुसऱ्या हातातला कॅमेरा पाण्याच्या वीतभर वर आणून तिने एकेक लेन्स लावून पाहिली. लांब लेन्सने मनगट थरथरलं. फिरवून उघडायच्या लेन्सला दोन हात लागत होते. आणि सगळ्यांत छोटी, पहिल्या दिवशी तांदळातून निघालेली, बोटाने कळ सरकवताच बाहेर आली. पानाच्या मुळाशी असलेली इवली जिभली, तिच्यावरचे केस, केसांवरचं पाणी... सगळं स्वच्छ. मागे वळून पूर्ण बांधी घेतली, तीही मावली.

"हीच," रुचि म्हणाली.

"हीच," तो म्हणाला.

हेमेंद्र बाकीच्या लेन्सना झाकणं लावू लागला. एक झाकण त्याने तीनदा लावलं.

"मॅडम, एक सांगायचं होतं. माह्या दुकानाची ती भिंत... फुगली आहे. लेन्स कोणतीच खराब नव्हती. पहिल्याच दिवशी सांगायले पाहिजे होतं. पण तुम्ही कागद लावला, अन् मले वाटलं, ही आज घेऊन गेली तर परत कायले येईल?"

रुचि धुऱ्याला टेकून उभी होती. गुडघ्यापर्यंत चिखल, गालावरही एक ठिपका. "मला माहीत आहे."

"काय?"

"भिंतीचं. कॅमेरा उलटा धरून पाहिला होता. तुम्ही चहा आणायला गेला होता तेव्हा."

त्याने आठवून पाहिलं. चहा आणायला तो कितीदा तरी गेला होता. "म्हणजे... कधीपासून?"

"बालाघाटची झाली, त्याच्या पुढच्या बुधवारपासून."

"आणि तरी रायपूरची मागवू दिली मले?"

"तुम्ही तरी कुठे थांबलात?"

भुरभुर पाऊस पडत होता. दोघांनाही चेहरा पुसायचं सुचलं नाही.

"मग येत काऊन होत्या, रुचि?" त्याने पहिल्यांदा तिचं नाव घेतलं.

उत्तर तिला ठाऊक होतं. पण ते तोंडातून निघायच्या आतच मागून चार बाया आल्या आणि त्यांनी हेमेंद्रची दोन्ही मनगटं ओल्या पऱ्ह्यांनी, धानाच्या लांब रोपांनी, बांधून टाकली.

"अहो, अहो! काय झालं?"

"शेवटच्या बांधीवर आलेलं पाहुनं कोरडं जात नाही, बाबू," म्हातारी तुलसाबाई गाठ आवळत म्हणाली. पटल्यांच्या शेतातली ही जुनी गंमत होती. "सुटायचं असन तर घरच्या कोनी म्हनलं पायजे, का हा आपला होय. नाही तर सांजवरी बस असाच."

"चहापाण्याचं देतो ना, मावशी. खिशात हात घाला."

"पैसे नको आमाले."

"तिनं तर सांगतलं ना, दुकानदार होय," दुसरी म्हणाली. "दुकानदार कोनाचाच नसते. बसू द्या!"

हेमेंद्र बांधलेल्या हातांनी तसाच उभा. रुचीकडे तो पाहत नव्हता. तिला अडचणीत टाकायचं नाही म्हणून तो समोरच्या पळसाच्या झाडाकडे टक लावून बघत होता. आणि ते पाहूनच रुचीला बोलणं सोपं झालं. चार जणांसमोर मोठ्याने बोलण्याची तिला सवय नव्हती. घरीही ती हळूच बोलायची. पण कुणाला ऐकू गेलं नाही, असं आज व्हायला नको होतं.

"माय," ती मोठ्याने म्हणाली. "मी मघाशी चुकीचं सांगितलं. दुकानदार नाही तो. आपला आहे."

मग तुलसाबाईने पदर तोंडावर घेतला आणि सगळ्या बाया एकदम बोलू लागल्या. हेमेंद्रने पळसाचं झाड सोडून रुचीकडे पाहिलं... आणि पाहतच राहिला.

भूमेश्वरी चिखल तुडवत धुऱ्यापाशी आली. तिने त्याला वरपासून खालपर्यंत, चप्पल असलेल्या पायापासून नसलेल्या पायापर्यंत, नीट न्याहाळलं.

"कोनाच्या घरचा?"

"बिसेन. गोंदियाचा. घरी माय आहे, मोठा भाऊ आहे जी."

"रोवता येते?"

"नाही जी."

"मंग शिक." तिने गाठ सोडली आणि पऱ्ह्यांची मूठ त्याच्या हातात कोंबली. "पाहुनं धुऱ्यावर बसते. आपलं मानूस बांधीत उतरते. अन् तुह्या मायले सांग, आमी येऊन राहिलो भेटाले. रुचीचे बाबूजी तिकडं ट्रॅक्टरवर आहेत. आधी त्यांच्याशी बोलीन मी, तू नको बोलू."

हेमेंद्र पँट गुडघ्यापर्यंत दुमडून उतरला. पहिल्याच पावलाला तो डगमगला. रुचीने कॅमेरा पेटीत ठेवून झाकण घट्ट लावलं आणि त्याच्या शेजारी येऊन वाकली.

"तीन-चार काड्या घ्यायच्या. बोटांनी दाबायच्या. मग मागं सरकायचं."

त्याने लावलेलं पहिलं रोप पाण्यावर तरंगायला लागलं. तिने ते उचलून पुन्हा त्याच्या हातात दिलं. चिखलाखाली बोटांना बोटं लागली, आणि कुणीच घाईने काढून घेतली नाहीत.

"माह्या प्रश्नाचं उत्तर राहिलं," तो हळूच म्हणाला.

"एवढ्या सगळ्यांसमोर दिलं की आत्ता."

"ते त्यांना दिलं. मले द्या."

रुचीने आजूबाजूला पाहिलं. बाया पाठ वाकवून रोवत होत्या आणि कान इकडेच देऊन होत्या. तिने दुसरं रोप लावलं, नीट दाबलं.

"तुम्हाला बघायला येत होते," ती म्हणाली. "आता मागं सरका. ओळ अडून राहिली आहे."