‘येतो’ म्हणायचं नाही

अक्षयाला विनीतला परत आणायचं होतं. मोहिमेचा हेतू एवढाच. नाटे गावाच्या पुढे, कड्याखाली समुद्राच्या बाजूनं एक घळ आहे. तिच्या तळाशी जांभ्याला पडलेल्या फटीतून पंधरा दिवसांपूर्वी तिचा धाकटा भाऊ दुसऱ्या मितीत गेला, तो आलाच नाही.

फट उघडी धरणारं यंत्र अक्षयानंच बनवलं होतं. लोटे इथल्या कारखान्यात दिवसभर दाबमापकं दुरुस्त करायची आणि सुट्टीत हे उद्योग! यंत्राचं नाव स्थिरक, आकार जेवणाच्या डब्याएवढा. फटीच्या उंबऱ्यावर ठेवलं की दार स्थिर राहतं आणि दोन्हीकडची घड्याळं जुळून चालतात. हात गुंतलेले असले तरी चालवता यावं म्हणून तिनं त्याला दोन शब्द शिकवले. ‘जातो’ किंवा ‘जाते’ म्हटलं की दार उघडायचं. ‘येतो’ किंवा ‘येते’ म्हटलं की माणूस परतला असं समजून मिटायचं. कागदावर कसं चोख होतं! विनीतनं ‘जातो’ म्हणून दार उघडलंही. पण उंबरा ओलांडता ओलांडता सवयीनं मागे वळून म्हणाला, "येतो गं ताई." निघताना आपल्याकडचा माणूस दुसरं काय म्हणणार? दार मिटलं. तो आत, स्थिरक बाहेर. पुन्हा उघडायच्या आत भरतीचं पाणी घळीत शिरलं आणि तिला स्थिरक उचलून निघावं लागलं.

शब्द बदलायला यंत्र खोललं असतं तर दोन वर्षांची जुळवणी मोडली असती, आणि ते दार पुन्हा सापडलं नसतं. घळही उघडी पडते ती फक्त अमावास्या-पौर्णिमेच्या मोठ्या सुकतीला, पाणी पार ओसरतं तेव्हा. मधले पंधरा दिवस अक्षयानं कसे काढले ते तिलाच ठाऊक.

पौर्णिमेच्या सकाळी नाटे गावच्या धाकूकाकांनी आपली होडी कड्याखाली घातली. चाळीस वर्षं याच पाण्यात जाळी टाकलेला माणूस. वायफळ बोलणं त्यांना माहीत नाही.

"अर्धा तास हाय गो," ते म्हणाले. "मग पाणी फिरेल."

उतरतात तोच लाट आली. होडी खडकावर आपटता आपटता वाचली! कालवांच्या धारदार शिंपल्यांनी अक्षयाचे तळवे कापले. शेवाळावरून पाय निसटला, ती कमरेपर्यंत पाण्यात गेली. डोक्यावर धरलेला स्थिरक मात्र तिनं खाली येऊ दिला नाही. काकांनी होडी खडकाला बांधली. दोघांना घळीत रांगत शिरावं लागलं, आणि फटीशी पोचेपर्यंत पंधरा मिनिटं संपली होती.

स्थिरक उंबऱ्यावर बसला. दिवा अजून लावला नव्हता.

"काका, दिवा लागला की याचे कान फार तिखट असतात. आता तो दार मिटायचा शब्द कुणीही काढायचा नाही. मी ‘जाते’ म्हणणार."

धाकूकाकांचा चेहरा पडला. "शुभ बोल नाऱ्या! बाहेर पडताना असं म्हणतात काय कधी?"

तिनं हिरवा दिवा लावला. "जाते!" ती म्हणाली. म्हणताना तिच्याही अंगावर काटा आला. फट दाराएवढी रुंदावली. कमरेला दोर बांधून तिनं दुसरं टोक काकांच्या हाती दिलं आणि ती आत शिरली.

पलीकडे नुसता कातळाचा सडा होता, लालसर, उघडाबोडका, नजर पोचेल तिथपर्यंत. समुद्र नव्हता. सूर्य नव्हता, तरी उजेड होता, आणि कशाचीच सावली पडत नव्हती. वीस पावलांवर एका धोंड्यावर बसून विनीत चिक्की खात होता. दार मिटलेलं असताना तिथलं एक मिनिट म्हणजे इकडचा एक दिवस. त्याच्या लेखी ताईनं पाव तास लावला होता!

अक्षयाला रडूच फुटलं. इतक्यात दोराला हिसका बसला. पाणी फिरलं होतं.

"विनीत! ऊठ, ये लवकर!"

बोलून गेली आणि मग तिच्या ध्यानात आलं. अशा हाकेला उत्तर एकच असतं! विनीतनं हात वर केला, तोंड उघडलं.

"ये..."

अक्षयानं त्याच्यासाठी आणलेली पाण्याची बाटली फेकून मारली. ती बरोबर त्याच्या खांद्यावर बसली.

"आई गं!"

"तोंड मीट आणि पळ!"

दोघं धावली. उंबऱ्यावर घोटाभर पाणी. काकांनी दोर खेचला. विनीत बाहेर! अक्षया बाहेर! मागोमाग दुसरी लाट आली आणि स्थिरकाला उचलून दाराच्या आत घेऊन गेली.

पाच हातांवर तो तरंगत होता, दिवा चालू. दोन वर्षांची मेहनत, आणि दुसरा बनवणं तिच्या हातून होणार नव्हतं. दोन ढांगा टाकल्या की मिळाला असता. तिचा एक पाय उंबऱ्यावर गेलाही. पण समुद्र आत ओढला जात होता, आणि पुढची लाट तिलाही नेणार हे दिसत होतं. विनीतनं ओठ घट्ट मिटलेलेच ठेवून तिचं मनगट धरलं.

तिनं पाय मागे घेतला. आता दार उघडं सोडून चालणार नव्हतं. स्थिरकाकडे बघत ती स्वच्छ आवाजात म्हणाली, "येते."

दार मिटलं. तिथं ओला जांभा तेवढा राहिला.

होडी कड्यापासून बरीच लांब आली तरी विनीत बोलायला तयार नव्हता. अक्षयानं त्याचा हात सोडला नव्हता. वल्हं मारता मारता धाकूकाकांनीच विचारलं, "परत येणार हायस हितं?"

"नाही."

"मग येते म्हणालीस ती?"

"निरोप घेताना तसंच म्हणतात ना, काका."