पोपटभाऊ आले की नेट जातं

वर्षा आली ती चप्पल न काढताच आत आली. चंपाबाईंनी आधी तिच्या पायांकडे पाहिलं, मग तोंडाकडे. तोंड बघून चप्पल माफ केली.

“बाई, आज बारा वाजता माझी नोकरी जाणार आहे.”

“वेळ सांगून जाणारी नोकरी पहिल्यांदाच ऐकते. बस.”

उधन्याच्या गिरणी-वस्तीत चंपाबाईंना ओळखत नाही असं घर नव्हतं. मांडवातून पळालेला नवरदेव असो की कारखान्यातून गायब होणारा माल, त्यांनी शोधून दिला होता. शाळा चौथीपर्यंतच. पण पंधरावी झालेले लोक त्यांच्यासमोर सतरंजीवर मांडी घालून बसत. त्यांच्या हाताखाली बहिणीचा मुलगा हेमराज होता. त्याच्याकडे कॉम्प्युटरचा डिप्लोमा होता आणि लॅपटॉप तो तान्ह्या बाळासारखा छातीशी धरून फिरे.

वर्षाने भराभरा सांगितलं. ती घरून, नेटवरून एका दवाखान्याचे फोन घेते. रोज अकराच्या पुढे नेट जातं आणि बोलता बोलता फोन तुटतो.

“परवा एक बाई सांगत होती, नवऱ्याच्या छातीत दुखतंय. मी ॲम्ब्युलन्सचं म्हणाले आणि कट!”

“मग? माणूस?”

“वाचला. गॅस होता. पण साहेब म्हणाले, दर वेळी गॅसच असेल असं नाही. आज बारा वाजता तासभर चाचणीचा फोन आहे. तुटला तर उद्यापासून काम बंद.”

“अकराला घरात काय होतं?”

वर्षाने आवाज खाली आणला. “शेजारचे पोपटभाऊ येतात. आप्पांशी गप्पा मारायला ओट्यावर बसतात. ते आले की नेट जातं, ते गेले की येतं. आप्पा म्हणतात, तेच आमचं नेट ओढून घेतात.”

“आप्पा म्हणजे सासरे?”

“हो. मिलमधून रिटायर झालेत.”

चंपाबाईंनी पदर खोचला. “हेमराज, तुझी फुकटची औषधं घे आणि चल.”

“मावशी, फुकटची नाहीत. मोफत सॉफ्टवेअर आहेत.”

“तेच म्हटलं मी.”

साडेदहाला ते वर्षाच्या घरी पोचले. दाराच्या चौकटीवर खडूने बरेच नंबर लिहिलेले होते. गॅसवाल्याचा, वायरमनचा, नेटवाल्याचा आणि सगळ्यात खाली बिननावाचा, आठ आकडी. आत दारासमोरच्या फळीवर नेटचा पांढरा डबा होता. त्यावर बारीक सोनेरी चुरा चमकत होता. खाटेखाली साड्यांचं मोठं पोटलं होतं.

“माझं काम,” वर्षाची सासू सुमनबाई स्वयंपाकघरातून म्हणाल्या. “साड्यांचे धागे कापते. पूर्वी साध्या छापाच्या यायच्या. दिवाळीपासून सगळ्या जरीच्या. हात बघा, भाताला सुद्धा चमक येते.”

“अकराला तुम्ही काय करता?”

“भाकरी. एकदा तव्यापुढे बसले की बाहेर आग लागली तरी उठत नाही.”

“मिक्सर? मोटर? काही बंद-चालू?”

“बाई, चटणी मी पाट्यावर वाटते,” सुमनबाई अशा म्हणाल्या की चंपाबाईंना पहिल्यांदाच बरोबरीची भेटल्यासारखं वाटलं.

हेमराजने लॅपटॉप उघडला. “मावशी, डब्याच्या पोटात नोंद असते. हा डबा अकरा दिवसांत एकदाही बंद पडलेला नाही.”

“म्हणजे लाइट जात नाही, कोणी बटणही दाबत नाही. पुढे?”

“आणि डब्याला आज तीनच यंत्रं जोडलेली आहेत. वर्षाताईंचा कॉम्प्युटर, त्यांचा मोबाइल आणि माझा हा. मागच्या महिन्याच्या नोंदीतही परकं काही नाही.”

“बरं. लक्षात ठेव.”

खाटेवर बसलेले सासरे काशिनाथआप्पा एकदम अहिराणी वळणाने बोलले, “नोंदीत कसा येईल? चोर नाव लिहून जातो का? मना डबा मी डोळ्यात तेल घालून सांभाळतो!”

त्यांनी सदऱ्याची बाही झटकली. उन्हात काही तरी चमकलं.

चंपाबाईंनी नेटवाल्या विकासला फोन लावला. तो आधीच चिडलेला होता. “मावशी, चार वेळा वायर बदलली! डब्यापर्यंत माझं नेट खणखणीत आहे. पुढे तुमच्या घरात काय रामायण चालतं ते मला काय माहीत?”

मग सगळे वरच्या खोलीत गेले. वर्षा इथेच दार लावून, कानाला हेडफोन लावून बसते. हेमराजने लॅपटॉपच्या पडद्यावर दोन खिडक्या उघडल्या.

“हा कॉम्प्युटर दर सेकंदाला खालच्या डब्याला हाक मारतो. डब्याने ओ दिली की टिक वाजून इथे ओळ उमटते. दुसऱ्या खिडकीत डब्याच्या लहरींचा जोर दिसतो. आत्ता वजा साठ. वजा नव्वदकडे गेला की संपलं.”

“उणे जास्त तेवढं वाईट. आमच्या सासूबाईंचा स्वभाव असाच मोजायचो आम्ही.”

अकरा वाजून पाच मिनिटांनी खालून आवाज आला, “काशिनाथ! हायेस का?”

“बठ ना भाऊ, ओट्यावरच बठ! आत गरम व्हस!” आप्पा ओरडले.

मिनिटभरात ओळी अडखळल्या. वजा साठचे वजा अठ्ठ्याऐंशी झाले. मग डब्याने ओ देणंच सोडलं.

“बघा!” वर्षा रडकुंडीला आली. “आले आणि गेलं!”

“पोपटभाऊंना धरूया का?” हेमराज उठला.

“त्यांना धरून काय लोणचं घालायचं? तू हाक मारत बस.”

चंपाबाई खाली आल्या. ओट्यावर पोपटभाऊ तंबाखू मळत होते. तेवढ्यात त्यांच्या खिशात टिर्रटिर्र झालं. त्यांनी बोटभर फोन काढला, बटणांवरचे आकडे पार पुसलेले. “आलो गं,” एवढं बोलून त्यांनी तो पुन्हा खिशात टाकला.

“पोपटभाऊ, नेट वापरता का?”

“मच्छरांसाठी? नाही बुवा. अगरबत्ती लावतो.”

चंपाबाईंनी आत फळीकडे एकदा पाहिलं आणि जिन्याकडे तोंड करून हाक दिली, “सगळे खाली या! तवा उतरवा सुमनबाई, आज आग घरातच लागली आहे!”

घड्याळात अकरा चाळीस झाले होते.

“पहिली गोष्ट,” चंपाबाई म्हणाल्या. “हाक डब्यापर्यंतच पोचत नव्हती. मग बाहेरच्या वायरीला शिव्या कशाला? विकास सुटला. दुसरी, डबा अकरा दिवस बंद नाही, म्हणजे मिक्सर, मोटर, बटण, काहीच नाही. सुमनबाई सुटल्या.”

“मी कधी अडकले होते?” सुमनबाई म्हणाल्या.

“तिसरी. परकं यंत्र डब्याला लागलंच नाही. आणि या माणसाच्या फोनमधून बायकोचा आवाज निघतो तेच नशीब. पोपटभाऊ सुटले.”

“मग ते आले की नेट जातं कसं?” हेमराज म्हणाला.

“पोपटभाऊ आले की या घरात कोण काय करतं, असं विचार. साडेदहाला खाटेखाली काय होतं?”

“पोटलं.”

“आता कुठे आहे?”

सगळ्यांनी फळीकडे पाहिलं. फळीवर जरीच्या साड्यांचं पोटलं होतं, नीट पसरून चहूबाजूंनी दाबलेलं. पांढरा डबा कुठेच नव्हता.

“डब्यावर जरीचा चुरा. धागे कापतात सुमनबाई, आणि चुरा आप्पांच्या बाहीवर! जरी म्हणजे धातूची झिलई. असल्या दहा-बारा साड्यांत गुंडाळल्यावर लहरी बाहेर पडतील कुठून? पोपटभाऊ जाईपर्यंत पोटलं वर, गेले की खाली. सून वर दार लावून, बायको तव्यापुढे. कोणाला दिसणार?”

काशिनाथआप्पांची मान खाली गेली. “दारातून समोरच दिसतो ना तो. दिसलं की माणसाला मोह होतो. म्हणून झाकायचो. पण नेट तर वायरीने येतं! पाइप झाकला म्हणून पाणी थांबतं का?”

“वरच्या खोलीत वायर गेली आहे?”

“नाही.”

“मग सूनबाईंपर्यंत ते जिन्याने चढतं का, आप्पा?”

आप्पांनी उठून पोटलं उतरवलं. वरून लॅपटॉप टिकटिकायला लागला. वर्षा दोन-दोन पायऱ्या चढत धावली.

बारा वाजले. घरात कोणी खोकलंसुद्धा नाही. सुमनबाईंनी भाकरी थापली तीही बोटांच्या टोकांनी. पोपटभाऊंना आप्पांनी स्वतः आत खाटेवर बसवलं, फक्त फळीकडे पाठ करून. एक वाजता वर्षा जिन्यात उभी राहिली. तिने आधी सासूला मिठी मारली, मग आप्पांच्या पाया पडली.

“साहेब म्हणाले, सोमवारपासून नोकरी कायम!”

आप्पांनी डोळे पुसले. गालावर सोनेरी रेघ उमटली. मग त्यांनी चंपाबाईंना हळूच बाजूला घेतलं.

“बाई, झाकायचा नाही म्हणता. मग नेट चोरतात तरी कसं?”

“पासवर्ड कळला की. तो कोणाला दाखवू नका, बस्स.”

“कोणाला नाही दाखवत,” आप्पा छाती काढून म्हणाले. “फक्त मला विसरायला होतं, म्हणून दाराच्या चौकटीवर लिहून ठेवलाय. सगळ्यात खाली.”