देल्फिनाचं एक वाक्य

रोममधल्या एका स्टुडिओत देल्फिना मोराबीतोला बोलपटात पहिल्यांदाच तोंड उघडायला मिळालं, तेव्हा तिची पस्तिशी उलटली होती. मूकपटांत तिनं मोलकरणी केल्या, विधवा केल्या. पडद्यावर नाव मात्र कधी झळकलं नाही. आता खिडकीशी उभं राहून एवढंच म्हणायचं होतं, "दार उघडंच आहे. ये ना."

कोणाला बोलवायचं, हे तिला शिकवावं लागलं नाही. तिचा नवरा एर्सीलियो पहिल्या महायुद्धात पियावे नदीवरच्या लढाईवर गेला तो परतलाच नव्हता. प्रेतही सापडलं नव्हतं.

दुसऱ्या दिवशी फीत धुऊन आली. ध्वनिमुद्रक गाल्वानीनं ती लावली. देल्फिनाच्या वाक्यामागून, लांबून, एका पुरुषाचा दमलेला आवाज आला. "आलो गं, फिना. किती या पायऱ्या!"

"मध्येच कोण बरळलं?" दिग्दर्शक तेबाल्दी वैतागला. "सिन्योरा, मूकपटातच बऱ्या होतात तुम्ही."

 देल्फिनाला फिना एकच माणूस म्हणायचा, एर्सीलियो.

"पुन्हा घेऊ या," ती कशीबशी म्हणाली.

सगळ्यांना बाहेर काढून पुन्हा घेतलं. या खेपेला फितीवर तिचं वाक्यच नव्हतं. होता खुर्ची सरकल्याचा आवाज, ताटांचा आवाज. मग एर्सीलियो हसला आणि त्याच्याबरोबर एक बाई हसली. ते हसू देल्फिनाचं होतं. असं ती कित्येक वर्षांत हसली नव्हती.

तेबाल्दीनं तो प्रसंगच कापला. फीत गाल्वानीनं लपवून ठेवली.

मग देल्फिना रोज दुपारी त्याच्या खोलीत येऊ लागली. फीत तीच, पण बोलणं रोज नवं. आज रश्शात मीठ कमी, उद्या छत गळतंय. ती डोळे मिटून ऐके, मध्येच पुटपुटे, "मलाही घ्या ना आत."

"सिन्योरा, बास करा आता," गाल्वानी म्हणे. "जिवाला लावून घेताय."

"लावून घ्यायला दुसरं आहे काय माझ्याकडे?"

एका दुपारी फितीवरचं बोलणं अचानक थांबलं.

"काय झालं?" एर्सीलियोनं विचारलं.

"काही नाही." फितीवरची देल्फिना म्हणाली. "बाहेर ती बाई पुन्हा आलीय. दार लावून घे."

पावलं जवळ आली. कडी सरकली.

त्यानंतर फितीवर काहीच उमटलं नाही.