दाराचं दृश्य

माहितीपटाच्या लेखकाला सगळ्यात शेवटी विचारतात आणि सगळ्यात आधी गप्प बसवतात. या धंद्यात माझे केस पिकले. पडद्यावर माझं नाव इतकं झरकन जातं की माझ्या सख्ख्या भावानेही ते कधी वाचलेलं नाही. त्याचं मला काही नाही. पण या वेळी निर्मात्याने माझं वाक्य फिरवलं.

माहितीपट जळालेल्या शिवणकारखान्यावरचा. माझं वाक्य होतं, ‘दार बाहेरून बंद होतं.’ साहेबांनी, म्हणजे निर्मात्याने, केलं, ‘आतून कडी होती.’ कारखान्याचा मालक त्यांचा मेहुणा, हे मला फार उशिरा कळलं. दारापाशी बसणारी मुलगी आतच मेली होती. आता सगळं खापर तिच्या डोक्यावर. मुलाखत संपल्यावर तिच्या आईने माझा हात धरून विचारलं होतं, “ताई, खरं तेच सांगाल ना?” मी हो म्हटलं होतं.

“मेलेल्या पोरीवर ढकलताय, लाज नाही वाटत?” मी साहेबांना विचारलं.

“अहो, मेलेल्याला काय फरक पडतो?”

माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली.

आमच्याकडे चित्र जेवढं, तेवढंच वाक्य लिहितात. साहेबांचं वाक्य आखूड, म्हणून संकलकाने त्या वाक्यावरचं बंद दाराचं दृश्यही कापलं. जेवून आलो तर दृश्य पुन्हा लांब. निवेदकाचं वाक्य संपायचं आणि दार तसंच दिसत राहायचं, कुणीतरी पुढचं बोलावं म्हणून थांबल्यासारखं.

“यंत्राला म्हातारचळ लागलाय,” संकलक हसला. त्याने परत कापलं. ते आणखी लांबलं. मग तो हसायचा थांबला.

साहेब तणतणत आले. “एक दार कापता येत नाही तुम्हाला?”

“साहेब, हे बघा तरी.”

दृश्य आम्ही भर उन्हात, बाहेरून घेतलं होतं. पडद्यावर मात्र अंधार होता आणि दाराच्या फटीतून उजेडाची रेघ येत होती.

“हे आतून आहे,” संकलक पुटपुटला. “आत आपण गेलोच नव्हतो. छप्पर कोसळलं होतं.”

काजळलेली फळी हळूहळू स्पष्ट झाली. कडी नव्हती. कडीसाठी भोकंसुद्धा नव्हती.

“बघा,” मी म्हटलं. “नीट डोळे फाडून बघा.”

फळीवर पंजा उमटला. मग दुसरा. मग त्यांच्या खाली, जमिनीलगत, आणखी.

“बंद कर ते,” साहेब ओरडले.

संकलकाने वायर खेचून काढली. चित्र गेलं नाही.

साहेब मागे वळले. “मी आलो जरा,” म्हणत त्यांनी खोलीच्या दाराची मूठ धरली आणि झटकन हात मागे घेतला.

“तापलंय,” ते म्हणाले.

दारापलीकडून माणसं नेहमीसारखी गप्पा मारत चालली होती.