आभाळाले फाट पडली ती रात्र

डिंपल, ते दार लोटून घे. लाइट राहू दे. अनुप, तू मोबाइल ठेव बाजूले. याले भूत म्हणायचं की नाही, हे मले अजून समजलं नाही. पण ताराचंद माझा साडभाऊ, तुमच्या मोठीआईच्या लहान बहिणीचा, मंजुषाचा नवरा. त्याच्या तोंडून ऐकलेलं आहे, तसंच सांगतो.

२०२३ चा डिसेंबर. बारा तारीख, मंगळवार, अमावस्या. त्याच्या गावी, एकोडीत, धान कापून झालते, बांधावर पुंजणे, धानाचे ढीग, लागले होते. मळणीच्या मशीनचा पट्टा तुटला. तसा पट्टा सानगडीले एका दुकानात भेटते म्हणून ताराचंद संध्याकाळी मोटरसायकल घेऊन निघाला. साधं काम. नऊ वाजेपर्यंत घरी येणार होता.

दुकानात दुकानदार अन् त्याची बायको लुडो खेळून राहिलते. बायकोनं फासा टाकला, सहा. दुकानदारानं टाकला, सहा. पुन्हा सहा. दुकानदार म्हणाला, "सूर्य बुडाल्यापासून हेच चालू आहे. घरातले तीन फासे बदलवून पाहिले." तो हसला नाही. ताराचंदनं पट्टा घेतला अन् गाडीले किक मारली. आठ वाजून दहा मिनिटं झालती.

त्याच वेळेस मी इकडे जवाहरनगरच्या क्वार्टरात पत्ते खेळत होतो. तीनदा पिसले. तीनदा माझ्या हातात तेच तेरा पत्ते, त्याच क्रमानं. मी पत्ते खाली ठेवले अन् बाहेर आलो. वर पाहिलं. पूर्वेकडे मृगाचे तीन तारे दिसत नव्हते. ढग नव्हता. त्या जागी काळं गोल... विहिरीत वाकून पाहावं तसं. त्याच्या कडेचे तारे पाण्यात हलावे तसे हलत होते.

माझी आई शकुबाई सांगे, कधीमधी आभाळाले फाट पडते. तेवढ्या घटकेपुरता नशिबाचा फासा जमिनीले टेकतच नाही. झालेलं अन् न झालेलं, दोन्ही एकाच रस्त्यानं चालते. मले वाटे, लहान पोरांले झोपवायले सांगते.

ताराचंद सानगडीच्या बाहेर आला. रस्त्याच्या कडेले बसचा निवारा आहे, तिथं एक पोरगी उभी होती. सतरा-अठराची. खांद्यावर बॅग, ओढणी डोक्यावरून घेतलेली. तिनं हात केला. यानं गाडी थांबवली.

"किती उशीर केला बाबा," ती म्हणाली. "प्रॅक्टिकल लांबलं, बस गेली. कधीची उभी आहो मी."

ताराचंद म्हणाला, "बाई, तू कोणाची?"

"असं काय करता? मी रेणू."

पोरांनो, आता ऐका. त्या रात्रीच्या सतरा वर्षांआधी मंजुषाले पोरगी झालती. सातव्याच महिन्यात. डॉक्टर म्हणाला होता, पन्नास टक्के. जगन किंवा नाही जगन. पहाटे गेली. तिचं नाव रेणू ठेवू, असं मंजुषानं फक्त ताराचंदच्या कानात सांगतलं होतं. आमाले कोणालेही माहीत नव्हतं. पुढं लेकरू झालं नाही.

त्यानं तिचे पाय पाहिले. सरळ होते. हेडलाइटमधे सावलीही पडली होती. ती मागं बसली तशी गाडी दबली. तिनं त्याच्या खांद्यावर हात ठेवला. हात गरम होता.

ती बोलत होती. आईनं न्हाणीघराच्या भिंतीले लावलेल्या वेलाबद्दल, शेजारच्या गिरजाबाईच्या म्हशीबद्दल. सगळं खरं. अन् मधेच असं काही, जे कधी झालंच नाही. "मले टायफाइड झालता तेव्हा तुमी रात्रभर बसून होते ना बाबा?" तो हो म्हणाला. भीती वाटत होती, पण गाडी हळू चालवत होता. रस्ता संपू नये म्हणून.

घरच्या वाटेवर, साकोलीच्या अलीकडे समोर तारे दिसले. फाटीची कड तिथपर्यंत होती. पुढं नेहमीसारखं आभाळ.

जसजशी कड जवळ आली, मागचं वजन कमी झालं. खांद्यावरचा हात हलका झाला. आवाज तुटला. "बा... आई वाट..."

त्यानं ब्रेक मारला. गाडी फिरवली. आल्या रस्त्यानं परत.

वजन आलं. हात गरम झाला.

"बाबा, घर इकडे नाही."

त्यानं गाडी दामटली.

फाट दक्षिणेकडे सरकत होती. तो तिच्याखालून सुटू नये म्हणून एका शेतरस्त्यात घुसला. मग दुसऱ्या. वर पाहत होता, रस्ता पाहत नव्हता. पुंजण्याले घासून गेला. एकदा पडता पडता वाचला.

"बाबा, घर मागं राहिलं."

वर पाहिलं. फाट लहान झालती. परातीएवढी.

एका बोडीच्या, लहान तळ्याच्या, पारीवर, म्हणजे बांधावर, रस्ता संपला. पुढं पाणी. त्यानं गाडी थांबवली. इंजिन बंद झालं.

ती उतरली.

"आई एकटी आहे. तुमी या मागून. मी निघते पुढं."

त्याले तिचा हात धरायचा होता... हात हँडलवरून सुटला नाही. ती पारीवरून चालत गेली. एकोडीच्या दिशेनं. ओढणी दिसली. मग पांढरं काहीतरी. मग...

वर सगळे तारे होते.

ताराचंद रात्री अकराले घरी पोचला. मंजुषा गिरजाबाईकडे नातवाच्या बारशाले गेलती, साडेनऊले परत आलती. ती चुलीजवळ बसून होती. त्याच्याकडे न पाहता म्हणाली, "मी कुलूप लावून गेलती. आली तेव्हाही कुलूप तसंच होतं. घरात कोण आलतं?"

हा तिच्याजवळ जाऊन बसला. पहाटे मले फोन केला. मी पहिल्या बसनं गेलो. दोघंही तसेच बसून होते.

समोर पाट मांडलेला होता. पाटासमोर जेवलेलं ताट. भात संपवलेला, वरणातल्या मिरच्या निवडून एका कडेले ठेवलेल्या. ताटात हात धुतलेलं पाणी. अन् पाटावर ओल्या बोटानं लिहिलेलं, वाळून डाग उरलेलं...

"जेवली मी."