क्वार्टरबॅकचा कबुलीजबाब

फोन आला तेव्हा डॉ. वीणा नुकती चहा घ्यायला बसली होती. कप तसाच ठेवून ती स्लायगोच्या हॉस्पिटलातल्या इमर्जन्सीकडे धावली. किनाऱ्याच्या रस्त्यावर एका गाडीनं सायकलवरच्या बाईंना उडवलं होतं आणि गाडी पुढं जाऊन दगडी कुंपणावर आदळली होती. बाई, म्हणजे ब्रीज नावाच्या एक निवृत्त शिक्षिका, बेशुद्ध होत्या. त्यांना थेट ऑपरेशनला नेलं. गाडीवाला मात्र शुद्धीवर होता. रस्त्याच्या कडेला बाईंचा हात धरून बसलेला असा तो लोकांना सापडला होता.

"मीच उडवलं त्यांना," तो म्हणाला. "लिहून घ्या."

ड्वेन लॅफर्टीला वीणा ओळखत होती. अमेरिकन फुटबॉलमधला एके काळचा क्वार्टरबॅक. बॉल हातात आला की अंगावर माणसं कोसळायच्या आत तो कुणाकडे फेकायचा, हे ज्याला ठरवावं लागतं तो खेळाडू. ओहायोतल्या एका लहान गावातून तो व्यावसायिक लीगपर्यंत पोचला, राखीव खेळाडू म्हणून वर्षानुवर्षं बाकावर बसला. मुख्य क्वार्टरबॅक जखमी झाला तेव्हा मैदानात उतरला आणि एकाच हंगामात लोकांच्या तोंडी त्याचं नाव झालं. मग डोक्याला मार बसला. तो काही पहिला नव्हता. ड्रेसिंगरूममध्ये जाग आल्यावर त्यानं विचारलं, कोण जिंकलं? उत्तर ऐकलं आणि थोड्या वेळानं पुन्हा तेच विचारलं. त्यानंतर तो खेळला नाही. आजीच्या देशात, इथे स्लायगोला आला, ऊनाशी लग्न केलं, हौशी पोरांचा संघ उभा केला. पण स्वतःच्या आठवणीवरचा विश्वास गेला तो गेलाच.

वीणानं त्याला तपासलं. गाडी जुनी होती, एअरबॅग उघडली नव्हती. डाव्या खांद्यापासून छातीवरून उजव्या कमरेपर्यंत सीटबेल्टचा जांभळा वळ उठला होता. बाकी हाडं शाबूत. तिनं ते नोंदवलं आणि पुढच्या पेशंटकडे वळली.

दुसऱ्या दिवशी सार्जंट ओर्ला मॅकगोव्हर्न जबाब घ्यायला आली.

"गाडीत आणखी कोण होतं?"

"कुणी नाही. मी उतरलो तेव्हा गाडी रिकामी होती."

"आदळण्याआधीचं काय आठवतं?"

"मैदान. डोकं ठणकत होतं. मग एकदम गवत, आणि त्या बाई."

"म्हणजे गाडी चालवल्याचं आठवत नाही?"

"माझी गाडी आहे. दुसरं कोण चालवणार?"

ड्वेन पलंगावर टिकत नव्हता. खिडकीपर्यंत जायचा, परत यायचा. ऊना खोलीभर त्याच्या मागं मागं करत होती. अपघाताच्या वेळी ती घरी होती, एकटीच. वारा आत यायला लागला तशी तिनं चवड्यांवर उभं राहून उजव्या हातानं वरची खिडकी ओढून लावली.

सिद्धांतही आला होता, आदल्या रात्रीसारखाच. नागपूरचा इंजिनिअर, ॲथलोन शहरातल्या एका कंपनीचं काम स्लायगोतून करणारा. वीणाच्या घरी रविवारी हक्कानं जेवायला येणारा. ड्वेननं त्याला हाताला धरून आपल्या जागी क्वार्टरबॅक म्हणून तयार केलं होतं. सर मैदानातून एकटेच निघाले, मी बसनं आलो, असं त्यानं सार्जंटला सांगितलं. त्याची बॅग डाव्या खांद्यावर होती. ड्वेननं चाळा म्हणून हातातला बॉल त्याच्याकडे टाकला. त्यानं तो डाव्या हातानं पोटाशी धरला आणि गुपचूप पलंगावर ठेवला.

वीणाला दिवसभर काहीतरी टोचत राहिलं. संध्याकाळी ती घरी जायला गाडीत बसली, खांद्यावरून पट्टा ओढला आणि तिचा हात मध्येच थांबला.

ती तशीच उतरून वॉर्डात परतली. ड्वेनला विचारून तिनं सार्जंटला बोलावलं. ऊना आणि सिद्धांत तिथंच होते. वीणानं बॉल सिद्धांतच्या हातात दिला.

"ऊनाकडे फेक. नेहमीसारखा, डोक्यावरून."

त्यानं उजवं कोपर उचललं. खांद्याच्या उंचीवर ते अडलं. चेहरा पांढरा पडला.

"इथे ड्रायव्हर उजवीकडे बसतो," वीणा म्हणाली. "त्याचा पट्टा उजव्या खांद्यावरून येतो. ड्वेन, तुमचा वळ डाव्या खांद्यावरून आलाय. तुम्ही शेजारच्या सीटवर होता."

"पण पट्टा डावीकडूनच..." ड्वेन थांबला.

"अमेरिकेत. म्हणून तुम्हाला ते खटकलं नाही. आणि मी घाईत होते, म्हणून मलाही नाही."

मग गाडी कुणी चालवली? किल्ली ऊनाकडेही असते, वीणा पुढं म्हणाली. पण ज्याच्या उजव्या खांद्याला पट्ट्याचा हिसका बसला, त्याला हात वर नेऊन खिडकी लावता आली नसती. उजव्या हातानं बॉल फेकणारा सिद्धांत मात्र आज सगळं डाव्या हातानं करत होता.

सिद्धांत खुर्चीत बसला. बोलायला लागला तो मराठीतच. वीणा सार्जंटला इंग्रजीत सांगत गेली. सरांचं डोकं दुखत होतं, म्हणून गाडी त्यानं घेतली. भारतातलं लायसन्स इथे केव्हाच चालेनासं झालं होतं. नागरिकत्वाचा अर्ज निकालाला आला होता. गाडी आदळल्यावर सर बेशुद्ध दिसले. तो कुंपण ओलांडून शेतातून पळाला.

"आणि बाई?" वीणानं विचारलं.

"सर आहेत ना, म्हटलं." मग खाली बघत म्हणाला, "ताई, सरांना काही आठवणार नाही, हे मला माहीत होतं."

वीणानं हे वाक्यही इंग्रजीत सांगितलं.

"तू घाबरून पळालास, ते मला कळतं," ड्वेन म्हणाला. "पण काल रात्री तू इथे आलास. मी रडत होतो. माझ्या पाठीवर हात ठेवलास आणि निघून गेलास."

ऊनानं ड्वेनचं डोकं आपल्या कुशीत घेतलं. ब्रीजबाई दुपारी शुद्धीवर आल्याचं सार्जंटनं सांगितलं, तेव्हा ड्वेन हमसून रडला.

सार्जंटनं दार उघडलं. सिद्धांत उठला.

"थांब," वीणा म्हणाली. "खांद्याचं हाड मोडलंय बहुतेक. आधी एक्स-रे. मग जा."

तिनं त्याचा हात झोळीत अलगद बसवला आणि मानेमागं गाठ मारली. त्याच्या तोंडाकडे मात्र तिला बघवलं नाही.